अर्ज केल्याने मुदत थांबत नाही

दाखल्यातली चूक खरी असते, कधीकधी शाळाही ती मान्य करते, आणि तरीही दुरुस्तीचा दावा न्यायालयात हरतो. कारण तो उशिरा आलेला असतो. मुदत कायदा, १९६३ याचं कलम ३ न्यायाधीशाच्या हाती फारसं काही ठेवत नाही. मुदत उलटून आलेला दावा फेटाळायचाच, समोरच्या पक्षाने मुदतीचा मुद्दा काढला नसला तरी. वऱ्हाडातल्या घराघरांत ट्रंकेच्या तळाशी ठेवलेली टीसी, मॅट्रिकची सनद, जातीचा दाखला ही कागदं पिढ्यान्‌पिढ्या जपली जातात. पण त्यांत चूक निघाली तर किती दिवसांत कुठे जायचं, हे मात्र कुणी सांगत नाही.

एक उदाहरण घेऊ. व्यक्ती कल्पित आहे, पण असं प्रकरण अकोला-अमरावतीच्या कुठल्याही वकिलाला ओळखीचं वाटेल. अकोट तालुक्यातल्या एका मुलाचं नाव १९८८ साली जिल्हा परिषदेच्या शाळेत घातलं. मास्तरांनी वडिलांना वय विचारलं, वडिलांनी अंदाजाने सांगितलं आणि दाखल-खारीज रजिस्टरात जन्मतारीख पडली १ जुलै १९८२. (महाराष्ट्रात १ जून आणि १ जुलै या दोन तारखांना जन्मलेली माणसं इतकी का, याचं उत्तर या रजिस्टरांत आहे.) ग्रामपंचायतीच्या जन्मनोंदीत तारीख वेगळी होती, पण ती कुणी पाहिली नाही. मुलगा १९९८ मध्ये दहावी झाला, प्रमाणपत्रावर तीच १ जुलै आली. पुढे नोकरी लागली आणि सेवापुस्तकातही तीच चढली. २०१० मध्ये फरक लक्षात आला आणि अर्ज सुरू झाले. आधी मुख्याध्यापक, मग पंचायत समिती, मग शिक्षणाधिकारी, मग दहावीच्या परीक्षा मंडळाचं अमरावतीचं विभागीय कार्यालय. कुणी 'नाही' म्हटलं नाही आणि कुणी करूनही दिलं नाही. बारा वर्षं चकरा मारून २०२२ मध्ये त्याने अकोल्याच्या दिवाणी न्यायालयात दावा लावला.

'माझी खरी जन्मतारीख अमुक आहे असं जाहीर करा' हा विशिष्ट अनुतोष कायद्याच्या कलम ३४ खालचा घोषणेचा दावा. त्याला मुदत कायद्याच्या अनुसूचीतला अनुच्छेद ५८ लागतो, म्हणजे तीन वर्षं. ही तीन वर्षं मोजायची दावा करण्याचा हक्क 'प्रथम' निर्माण झाला त्या दिवसापासून. सगळी मेख या एका शब्दात आहे. १९०८ च्या जुन्या कायद्यात अशा दाव्यांना अनुच्छेद १२० ची सहा वर्षं मिळत आणि त्यात हा शब्द नव्हता. खत्री हॉटेल्स प्रकरणात २०११ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केलं की हक्काचं उल्लंघन पुन्हा पुन्हा झालं, तरी पहिल्या वेळी सुरू झालेली मुदत दर वेळी नव्याने सुरू होत नाही.

आता आपल्या उदाहरणात 'प्रथम' कधी? प्रमाणपत्र हाती आलं ते १९९८, पण तेव्हा मुलगा अज्ञान होता. कलम ६ आणि ८ अज्ञानाला सवलत देतात. अठरा पूर्ण झाल्यावर तीन वर्षं, म्हणजे वयाच्या एकविसाव्या वर्षापर्यंत. ते झालं २००३. त्याचा वकील म्हणेल, चूक कळली २०१० मध्ये, तिथून मोजा. वादासाठी तेही धरलं तरी मुदत २०१३ मध्ये संपली. दावा आला २०२२ मध्ये. कोविडच्या काळातला १५ मार्च २०२० ते २८ फेब्रुवारी २०२२ हा अवधी सर्वोच्च न्यायालयाने सगळ्याच मुदतींतून वगळला होता, पण जी मुदत आधीच संपली होती तिला त्याने जीव येत नाही. प्रतिवादी दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ७, नियम ११ खाली अर्ज देईल आणि वादपत्रातल्या तारखांवरूनच दावा मुदतबाह्य दिसत असेल, तर साक्षीपुराव्यापर्यंत न जाता तो दारातच संपेल.

'विलंब माफीचा अर्ज लावू' असं पक्षकार हमखास म्हणतो. विलंब माफ करण्याचा अधिकार देणारं मुदत कायद्याचं कलम ५ फक्त अपिलांना आणि अर्जांना आहे, मूळ दाव्याला नाही. कातिजी प्रकरणात १९८७ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने उशिराकडे उदारपणे पाहायला सांगितलं, आणि तो निकाल अजूनही सगळीकडे दाखवला जातो, पण तो अपिलाच्या उशिराबद्दल आहे. दाव्याला तीन वर्षांवर एक दिवस झाला तरी न्यायाधीशाचे हात बांधलेले असतात. कलम १७ चा अपवाद आहे, पण तो फसवणुकीचा किंवा चुकीतून सुटका मागणाऱ्याचा. तिथे फसवणूक किंवा चूक उघड झाल्यावर, अथवा काळजी घेतली असती तर उघड होऊ शकली असती त्या दिवसापासून, मुदत मोजतात. आणि दहावीचं प्रमाणपत्र रोज वापरणाऱ्याला त्यावरची तारीख दिसली नाही, असं म्हणणं न्यायालयात टिकवणं अवघड.

मला सर्वांत जास्त चिंता वाटते ती मधल्या बारा वर्षांची. आपल्याकडे माणसं न्यायालयात जायला घाबरतात, कोर्टाची पायरी चढू नये हे घरात ऐकूनच मोठी होतात. म्हणून ती अर्ज करतात, स्मरणपत्रं देतात, साहेबांना भेटतात. त्यांना प्रामाणिकपणे वाटतं की आपलं प्रकरण चालू आहे, कागद फिरतो आहे. कायद्याच्या नजरेत या काळात काहीही चालू नसतं. एस. एस. राठोड विरुद्ध मध्य प्रदेश या १९८९ च्या निकालात सात न्यायाधीशांच्या पीठाने सांगितलं, की कायद्याने नेमून दिलेलं अपील किंवा निवेदन असेल तर त्याच्या निकालापर्यंत थांबता येतं, पण कायद्यात नसलेली निवेदनं कितीही दिली तरी मुदत वाढत नाही. सी. जेकब प्रकरणात २००८ मध्ये न्यायालय आणखी पुढे गेलं. वर्षानुवर्षं गप्प राहिलेला माणूस एक निवेदन देतो, न्यायालयातून 'निवेदनाचा विचार करा' एवढा साधा आदेश मिळवतो, कार्यालय उत्तर देतं, आणि मग त्या उत्तराची तारीख धरून जुनाच दावा नवा म्हणून उभा राहतो. ही वाट न्यायालयाने बंद केली. मेलेली मागणी उत्तराने जिवंत होत नाही.

हे तत्त्व मला पटतं, पण त्याचा भार कुणावर पडतो ते पाहिलं की अस्वस्थ व्हायला होतं. चूक लिहिली मास्तरांनी, पुढे नेली मंडळाने, अर्ज दाबून ठेवला कार्यालयाने. तीन वर्षांचा हिशेब मात्र मोजला जातो तो पहिल्या पिढीत शिकलेल्या मुलाचा, ज्याच्या घरात कलम ३४ कुणी ऐकलेलं नाही. सरकारविरुद्धच्या दाव्याआधी दिवाणी संहितेच्या कलम ८० खाली दोन महिन्यांची नोटीस द्यावी लागते आणि तो नोटिशीचा काळ मुदत कायद्याचं कलम १५ मोजणीतून वगळतं. सरकारला विचार करायला दिलेला वेळ कायदा मोजत नाही, तर सरकारनेच अर्ज दाबून घालवलेला वेळ का मोजावा? विधिमंडळाने एवढी एक दुरुस्ती केली, तर वऱ्हाडातल्या हजारो कागदांना अर्थ येईल.

'चूक तर अजून प्रमाणपत्रावर आहे, रोज नुकसान होतंय, मग मुदत संपली कशी?' हा पुढचा प्रश्न, आणि त्याचं उत्तर आळंदीहून येतं. ज्ञानेश्वर महाराज संस्थानात पूजेचा वंशपरंपरागत हक्क सांगणाऱ्या गुरवांना संस्थानाच्या विश्वस्तांनी सेवेतून दूर केलं. त्यांनी हक्कासाठी दावे केले, पण मुदत उलटल्यावर. आमचा हक्क रोज नाकारला जातो, म्हणजे हा चालू राहणारा अन्याय आहे, असं त्यांचं म्हणणं. बाळकृष्ण सावळाराम पुजारी विरुद्ध श्री ज्ञानेश्वर महाराज संस्थान या १९५९ च्या निकालात न्या. गजेंद्रगडकरांनी जो भेद केला, त्यावर आजही देशभरातल्या न्यायालयांची मदार आहे. अन्याय करणारं कृत्य स्वतःच चालू राहिलं तर तो सततचा अन्याय. कृत्य एकदाच होऊन पूर्ण झालं आणि फक्त त्याचे परिणाम पुढे भोगावे लागत राहिले, तर तो सततचा अन्याय नव्हे. गुरवांना काढून टाकलं त्याच दिवशी इजा पूर्ण झाली होती.

हाच भेद दाखल्याला लावून पाहा. चुकीची तारीख लिहून प्रमाणपत्र दिलं, की कृत्य पूर्ण झालं. त्याचे चटके निवृत्तीपर्यंत बसोत, मुदत पहिल्या दिवसापासूनच. पण संस्थेने प्रमाणपत्र दिलंच नाही, फीच्या थकबाकीपायी टीसी अडवून ठेवली, तर? माझ्या मते तिथे चित्र पालटतं, कारण देण्याचं कर्तव्य रोज मोडलं जात असतं. शिक्षण हक्क कायदा, २००९ च्या कलम ५ नुसार, त्या कायद्याखाली येणाऱ्या मुलाला टीसी ताबडतोब द्यावी लागते आणि उशीर करणाऱ्या मुख्याध्यापकावर शिस्तभंगाची कारवाई होऊ शकते. विद्यापीठ अनुदान आयोगानेही मूळ प्रमाणपत्रं अडवून ठेवायला मनाई केली आहे. अडवलेल्या कागदाचा दावा चुकीच्या कागदाच्या दाव्यापेक्षा जास्त काळ टिकतो. वकिलाकडे जाताना आपला दावा यांतला कोणता, हे आधी ठरवून गेलेलं बरं.

दिवाणी न्यायालयाचं दार बंद झालं की लोक नागपूरकडे पाहतात. मुंबई उच्च न्यायालयाचं नागपूर खंडपीठ वऱ्हाडाचं उच्च न्यायालय आहे, आणि संविधानाच्या अनुच्छेद २२६ खालच्या रिट याचिकेला मुदत कायद्याची मुदत नाही. पण मुदत नसली तरी उशिराचा जाब द्यावा लागतो. भैलाल भाई प्रकरणात १९६४ मध्येच सर्वोच्च न्यायालय म्हणालं होतं, की दाव्याला जी मुदत असते ती याचिकेतही वाजवी काळाचं माप म्हणून धरता येईल. तिलोकचंद मोतीचंद या मुंबईच्या पेढीच्या प्रकरणात तर मूलभूत हक्काची याचिकाही उशिरापायी गेली. त्या पीठाचे अध्यक्ष सरन्यायाधीश हिदायतुल्ला होते, पूर्वी नागपूर उच्च न्यायालयाचे मुख्य न्यायाधीश राहिलेले.

महाराष्ट्रापुरतं पाहिलं तर दोन निकाल शेजारी ठेवावेत. १९७१-७२ च्या दुष्काळात रोजगाराच्या कामांतून रस्ते झाले आणि त्यांत शेतकऱ्यांच्या जमिनी गेल्या. त्यांतल्या एकाने भरपाईसाठी १९९१ मध्ये याचिका केली. उच्च न्यायालयाने ती मान्य केली, पण १९९५ मध्ये महाराष्ट्र शासन विरुद्ध दिगंबर या निकालात सर्वोच्च न्यायालयाने ती फिरवली. वीस वर्षं गप्प का राहिलात याचं उत्तर नव्हतं, आणि त्या काळची सरकारी कागदपत्रं, साक्षीदार आता आणायचे कुठून, हाही प्रश्न होता. दुसरा निकाल १९७४ चा, रामचंद्र शंकर देवधर विरुद्ध महाराष्ट्र शासन. राज्य पुनर्रचनेनंतर मुंबई राज्यात आलेल्या तहसीलदारांच्या बढत्यांचा वाद, दहा वर्षांहून जास्त उशीर, आणि तरी न्यायालयाने तो ऐकला. न्यायालयाच्या मते उशिरा आलेल्याला ऐकू नये हा कायद्याचा नियम नाही, ती विवेकाने पाळायची रीत आहे. तिथल्या बढत्या तात्पुरत्या होत्या, त्यामुळे उशिराने दुसऱ्या कुणाचा पक्का झालेला हक्क हिरावला जात नव्हता.

तर उच्च न्यायालय खरोखर काय विचारतं? तुमच्या उशिराने कुणाचं काही बिघडलं का? जन्मतारखेच्या वादात उत्तर जवळपास नेहमी 'हो' असतं. एकाची तारीख दोन वर्षांनी पुढे गेली की त्याच्या खालचा माणूस बढतीसाठी दोन वर्षं अडतो. म्हणूनच महाराष्ट्र नागरी सेवा नियम, १९८१ चा नियम ३८ सांगतो, की १६ ऑगस्ट १९८१ नंतर सेवेत आलेल्याने जन्मतारीख दुरुस्तीचा अर्ज पाच वर्षांच्या आत करावा. गोरखनाथ सीताराम कांबळे प्रकरणात २०१० मध्ये सर्वोच्च न्यायालयाने नोकरीच्या शेवटच्या टप्प्यावर येणाऱ्या अशा मागण्यांना पुन्हा एकदा नकार दिला. नावाच्या स्पेलिंगचं तसं नाही. वडिलांच्या नावातली एक वेलांटी सुधारल्याने कुणाची बढती अडत नाही, आणि म्हणून तिथे न्यायालयं सैल होतात.

उच्च न्यायालयाची आणखी एक अडचण लोकांना माहीत नसते. कोणती नोंद खरी, यावर दोन्हीकडून वाद असेल, साक्षी तपासाव्या लागणार असतील, तर रिटमध्ये ते काम सहसा होत नाही. 'दिवाणी न्यायालयात जा' असं सांगितलं जातं, आणि दिवाणी न्यायालयात तर तीन वर्षं उलटून गेलेली असतात. ग्राहक आयोगाचाही उपयोग नाही. परीक्षा मंडळ विद्यार्थ्याला 'सेवा' विकत नाही, असं २००९ मध्ये बिहार परीक्षा मंडळाच्या प्रकरणात ठरलं आहे. चुकीच्या न्यायालयात सद्भावनेने घालवलेला काळ मुदत कायद्याच्या कलम १४ खाली वजा मागता येतो, पण तो वेगळा वाद होतो.

उशिराचा राग न्यायालयाला का, हे समजायचं तर आपल्या भागातल्या दप्तरांकडे पाहावं. १९७५ साली अकोल्यात पदवीधर झालेल्याची पदवी नागपूर विद्यापीठाची, कारण अमरावती विद्यापीठ १ मे १९८३ ला सुरू झालं. आजच्या संत गाडगे बाबा विद्यापीठाच्या खिडकीवर ती पडताळून मिळत नाही. त्याआधीच्या पिढीने तर १९५० पर्यंत मध्यप्रांत-वऱ्हाड, १९५६ पर्यंत मध्य प्रदेश, १९६० पर्यंत मुंबई राज्य आणि मग महाराष्ट्र अशी राज्यं गाव न सोडता पाहिली. दर बदलाला दप्तरं हलली. उत्तरपत्रिका तर काही महिन्यांतच नष्ट होतात. आदित्य बंदोपाध्याय प्रकरणात २०११ मध्ये विद्यार्थ्याला उत्तरपत्रिका पाहण्याचा हक्क मिळाला, पण सीबीएसई त्या फक्त तीन महिने ठेवत होतं, म्हणजे हक्कही तेवढाच.

टिकतात ती दोन रजिस्टरं, शाळेचं दाखल-खारीज आणि गावचं कोतवाल बुक, ज्यात जन्म-मृत्यू नोंदले जात. तीस वर्षांहून जुना कागद योग्य ताब्यातून आला तर तो खरा आहे असं न्यायालय गृहीत धरू शकतं. पुरावा कायद्याचं हे जुनं कलम ९० आता भारतीय साक्ष अधिनियमात कलम ९२ झालं आहे. पण कागद अस्सल असणं वेगळं आणि त्यातली तारीख खरी असणं वेगळं. बिराद मल सिंघवी प्रकरणात १९८८ मध्ये न्यायालयाने विचारलं होतं, की ही तारीख शाळेला कुणी सांगितली आणि सांगणाऱ्याला ती माहीत होती का? सांगणारे वडील आणि लिहिणारे मास्तर हयात आहेत तोवर याचं उत्तर मिळतं. त्यानंतर नाही. मुदतीचं खरं कारण माझ्या मते हे आहे.

आता उलट दिशा. नागरिकाला तीन वर्षं, तर सरकार दाखला किती वर्षांनी उकरू शकतं? नागपूरच्या एका विद्यार्थ्याला १९८५-८६ मध्ये हलबा जमातीच्या दाखल्यावर एमबीबीएसला प्रवेश मिळाला. पडताळणीत दाखला अवैध ठरला, उच्च न्यायालयात तो जिंकला, आणि सर्वोच्च न्यायालयाचा निकाल आला २८ नोव्हेंबर २०००ला. महाराष्ट्र शासन विरुद्ध मिलिंद. नागपूरपासून अमरावतीपर्यंतच्या विणकर घरांत हे नाव आजही घेतलं जातं. हलबा-कोष्टी ही हलबा जमातीत येत नाही, असं घटनापीठाने ठरवलं. पण पंधरा वर्षं लोटली होती, त्याच्या शिक्षणावर सरकारचा पैसा खर्च झाला होता, तो डॉक्टर झाला होता, म्हणून पदवी राहू दिली. पुढचे आरक्षणाचे लाभ मात्र बंद केले. लांबलेल्या काळाने इथे माणसाला तारलं.

नंतरची सतरा वर्षं हा निकाल दाखवून अनेकांनी नोकऱ्या वाचवल्या. दरम्यान जात प्रमाणपत्रांचा राज्याचा कायदा ऑक्टोबर २००१ पासून लागू झाला होता, आणि त्याचं कलम १० सांगतं की दाखला खोटा ठरला तर त्यावर मिळवलेली पदवीही रद्द. जुलै २०१७ मध्ये भारतीय अन्न महामंडळ विरुद्ध बहिरा या निकालात तीन न्यायाधीशांनी तेच उचलून धरलं. कायदा स्पष्ट असताना केवळ वर्षं उलटली म्हणून संरक्षण नाही. आज अमरावतीच्या अनुसूचित जमाती प्रमाणपत्र तपासणी समितीसमोर बसलेला उमेदवार आजोबांच्या काळातलं दाखल-खारीज शोधत फिरतो ते यामुळे. तिथे जितका जुना कागद, तितकं त्याचं वजन, विशेषतः १९५० पूर्वीचा.

अकोटच्या आपल्या माणसाला मग काय उरतं? सेवापुस्तकातली तारीख बदलून वाढीव नोकरी मिळणं जवळपास अशक्य, पाच वर्षं कधीच गेली. शाळेच्या रजिस्टरात बदल करायला माध्यमिक शाळा संहिता विद्यार्थी शाळा सोडून गेल्यावर साधारणपणे परवानगी देत नाही, उघड चूक सोडून. मंडळाच्या प्रमाणपत्रासाठी मात्र ३ जून २०२१ चा सर्वोच्च न्यायालयाचा सीबीएसईबद्दलचा निकाल कामाला येऊ शकतो. तीन न्यायाधीशांच्या त्या पीठावर अमरावतीचे न्या. भूषण गवई होते. मंडळाने ठरवलेली मुदत उलटली एवढ्यावर दुरुस्ती नाकारता येणार नाही, जन्मदाखल्यासारखे सार्वजनिक कागद प्रमाणपत्राशी जुळत नसतील तर मंडळाने ते पाहिले पाहिजेत, असं त्यात म्हटलं आहे. तो निकाल राज्य मंडळाबद्दल नाही, पण त्यातला युक्तिवाद अमरावतीच्या विभागीय मंडळासमोर मांडता येतो.

तरीही याचिका करायचीच असेल, तर मागणी आखडती ठेवावी. तरसेम सिंग प्रकरणात २००८ मध्ये, दर महिन्याला देय असलेल्या अपंगत्व निवृत्तिवेतनाचा सोळा वर्षं उशिरा आलेला दावा न्यायालयाने मान्य केला, पण थकबाकी याचिकेआधीच्या तीन वर्षांचीच दिली. त्याच धर्तीवर 'ज्येष्ठता नको, वाढीव नोकरी नको, मागचा पैसा नको, फक्त पासपोर्टपुरती आणि मुलांच्या कागदपत्रांपुरती माझी नोंद जुळवून द्या' असं म्हणणाऱ्याच्या विरोधात बिघडलेला तिसरा माणूस उभा नसतो. सोबत २०१० पासूनच्या प्रत्येक अर्जाची आवक क्रमांक आणि तारीख असलेली पोच लावावी. त्या पोचपावत्या मुदत वाढवत नाहीत. पण उशिराचं कारण पाहणाऱ्या न्यायाधीशापुढे हा माणूस झोपला नव्हता, एवढं त्या सांगतात, आणि रिटमध्ये त्याला किंमत आहे.